अभ्र्यांचं गणित

पुढच्या महिन्यात हिचं वर्षश्राद्ध. लेक, जावई आणि नातू येणार. तीन उशा त्यांच्या, एक माझी. अभ्रे मात्र पार विरलेले. विकत मिळतात हो, पण मशीन घरात आहे आणि सरळ टीप मारायला हिनंच मला शिकवलं होतं. म्हटलं, शिवू या.

पस्तीस वर्षं मुलांना क्षेत्रफळ शिकवलेला माणूस मी. कागद-पेन्सिल घेऊन बसलो. उशी 17 बाय 26 इंच. धुतल्यावर कापड आटतं, म्हणून अभ्रा 18 बाय 27. दोन्ही बाजूंच्या शिवणी धरून रुंदी 19. लांबी 27 ची दुप्पट 54, उशी आत खोचायच्या झडपेला 6, दुमडीला 2, म्हणजे 62. एका अभ्र्याला 1178 चौरस इंच. चाराने गुणून 36 इंची पन्ह्याने भागलं तर 131 इंच, म्हणजे सुमारे 3.33 मीटर. साडेतीन मीटर फुलाफुलांचं सुती कापड मागितलं.

दुकानदार म्हणाला, "सर, अभ्र्यांना 44 चा पन्हा घ्या."

"हिशेब करून आलोय," मी म्हणालो.

घरी कापड जमिनीवर पसरलं आणि कळलं. 36 इंचांतून 19 ची पट्टी एकच निघते. शेजारी उरते ती 17 ची! चौरस इंच भरपूर होते, पण हवे तिथे नव्हते. 44 च्या पन्ह्यात दोन पट्ट्या शेजारी बसल्या असत्या आणि 124 इंचांत, सव्वातीन मीटरच्या आत, काम झालं असतं. फरशांची गणितं घालताना फरशी फोडावी लागेल का, हे मी वर्गात कधी विचारलंच नव्हतं.

असो. नमुन्यासाठी हिने शिवलेला जुना अभ्रा उसवायला घेतला, पण टिपेला कात्री लावायला हात होईना. नुसता उलटा केला. आत, कडेच्या शिवणीलगत, लांबच लांब जोडपट्टी! हिलाही कापड कमी पडलं होतं तर. सुलट करून पाहिलं, फुलं अशी जुळवलेली की जोड शोधावा लागत होता. इतकी वर्षं त्यावर डोकं ठेवून झोपलो.

मग माझ्या उरलेल्या तुकड्यातून तीन-तीन इंचांच्या चार पट्ट्या कापल्या, दोन-दोन एकमेकींना जोडल्या आणि 17 च्या पट्ट्यांना लावल्या. चारही अभ्रे झाले. मात्र पट्ट्या आडव्या कापाव्या लागल्या, त्यामुळे जोडावर फुलं आडवी पडली आहेत. त्यातला एक माझ्या उशीला, दुसरा नातवाच्या.