आठवा रंग

टेरी प्रॅचेट (१९४८-२०१५) यांच्या 'डिस्कवर्ल्ड' या एकेचाळीस कादंबऱ्यांच्या मालिकेतले जग थाळीसारखे सपाट आहे. ते चार हत्तींच्या पाठीवर आणि ते हत्ती एका अजस्र कासवाच्या पाठीवर उभे आहेत. तिथला प्रकाश जादूच्या दाट क्षेत्रातून जाताना मंदावतो आणि पाकासारखा संथपणे दऱ्याखोऱ्यांत उतरतो. तिथल्या इंद्रधनुष्यात रंगही आठ. आठव्याचे नाव 'ऑक्टरीन'. मालिकेतील पहिल्या कादंबरीचे, १९८३ च्या 'द कलर ऑफ मॅजिक'चे, शीर्षक याच रंगावरून आले आहे. हा रंग मांत्रिकांना दिसतो, मांजरांना दिसतो, इतरांना नाही.

मंद प्रकाशाची कल्पना आता तितकीशी अद्भुत उरलेली नाही. १९९९ मध्ये लेने हाऊ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अतिशीत सोडियम-अणूंच्या ढगातून जाणाऱ्या प्रकाशाचा वेग सेकंदाला सतरा मीटरपर्यंत खाली आणला. वेग उपकरणाने मोजता येतो. रंगाचे तसे नाही. उपकरण तरंगलांबी सांगेल. पण रंग 'दिसायला' डोळा लागतो आणि सगळे डोळे सारखे नसतात.

हे मी थोडे अधिकाराने म्हणू शकतो, कारण मी रंगांध आहे. तांबडा आणि हिरवा यांतला जो भेद इतरांना आपोआप दिसतो, तो मला विचारून घ्यावा लागतो. सिग्नलचे दिवे मी जागेवरून ओळखतो. झाडावरची मिरची पिकली की नाही, हे तिच्या सालीला हात लावून. शाळेत आम्ही सगळ्यांनीच 'तानापिहिनिपाजा' घोकले. त्यातला 'ता' आणि 'हि' माझ्यासाठी अक्षरे होती, रंग नव्हते. पण 'पा'तला पारवा तरी वर्गातल्या किती जणांनी आकाशात खरोखर वेगळा पाहिला होता? न्यूटनने आधी पाच मुख्य रंग मानले होते. पुढे संगीताच्या सात स्वरांशी मेळ बसावा म्हणून त्याने त्यांत नारिंगी आणि पारवा घातले. म्हणजे ज्या सातच्या पुढे ऑक्टरीन आठवा ठरतो, त्या सातमध्येही काही पाहिलेले आहे आणि काही मानलेले.

प्रॅचेट ऑक्टरीनचे वर्णन करतात ते हिरवट-पिवळ्या छटेचा जांभळा असे. हा विनोद आहे आणि नेमके शरीरविज्ञानही. आपली दृष्टी तांबड्याविरुद्ध हिरवा आणि पिवळ्याविरुद्ध निळा अशा जोड्यांनी रंग जाणते. त्यामुळे पिवळसर जांभळा डोळ्यांपुढे आणू म्हटले तरी येत नाही. तिन्ही शब्द ओळखीचे, बेरीज मात्र कोरी. मला हिरवा समजावून सांगणारे माझे सुहृद नेमके हेच करत आले आहेत : कोवळ्या पानासारखा, शेवाळासारखा. त्या पानांचा स्पर्श मला ठाऊक असतो, वास ठाऊक असतो. हवे ते तेवढे मिळत नाही.

साहित्याच्या अभ्यासकाला इथे एक प्रश्न टाळता येत नाही. प्रतिमा ही लेखक-वाचकांच्या सामाईक अनुभवावर उभी असते, असे आपण वर्गात शिकवतो. तो अनुभव सामाईक नसेल तर? बालकवींच्या कवितेतला हिरवा मी कधीच पाहिलेला नाही. तरीही ती कविता मला बंद राहिली नाही. त्या शब्दाला जो गारवा बिलगून येतो, त्याचा जो नाद आहे, आजूबाजूच्या शब्दांशी त्याचे जे सख्य आहे, त्यावरून मी त्याच्यापर्यंत पोहोचतो. ही वाट लांबची असेल, खोटी नाही. ऑक्टरीनच्या बाबतीत प्रत्येक वाचकाला याच वाटेने जावे लागते. त्या पानावर माझ्यात आणि इतरांत काही अंतर उरत नाही. अद्भुतकथेला पलायनवादी म्हणणाऱ्या समीक्षेने एवढे ध्यानात घ्यावे, की जे वास्तववादी कादंबरीने माझ्यासाठी केले नाही, ते एका खोट्या रंगाने केले.

आणखी एक गोष्ट मला मोलाची वाटते. प्रॅचेटचे मांत्रिक पुण्यवान किंवा ज्ञानी म्हणून आठवा रंग पाहत नाहीत. त्यांच्या डोळ्यांत शंकू आणि दंडपेशींच्या जोडीला अष्टकोनी पेशी असतात, एवढेच कारण. पाहणे ही गुणवत्ता नव्हे, रचना आहे. मग न दिसणे हा दोष तरी कसा?

रंगांधत्व तपासण्यासाठी इशिहारा यांच्या १९१७ सालच्या ठिपक्यांच्या तक्त्यांचा आजही वापर होतो. बहुतेक तक्त्यांत इतरांना अंक दिसतो आणि माझ्यासारख्याला नुसते ठिपके. पण त्यांत मोजके तक्ते उलटे असतात. तांबड्या-हिरव्याच्या भेदाने इतरांचे डोळे तिथे दिपतात आणि त्यांना काही सापडत नाही. त्या भेदाचा अडथळा नसलेल्या रंगांधाला मात्र ठिपक्यांतून अंक दिसू शकतो. ते पान समोर आले की प्रॅचेटच्या मांजरांना काय वाटत असेल, याची मला थोडीशी कल्पना येते.