खबरची नोंद

वाईला मराठी विश्वकोशाचं काम तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या हाताखाली १९६० नंतर उभं राहिलं. पहिला खंड निघाला १९७६ साली. कोशात काय घ्यायचं, काय गाळायचं, कुणाला पान द्यायचं आणि कुणाची दुसऱ्याच्या नोंदीत चार ओळींवर बोळवण करायची, हे ठरवणं लिहिण्याइतकंच जिकिरीचं. ‘किर्लोस्कर खबर’ या मासिकाला कोशात स्वतंत्र नोंद द्यावी का, याचा विचार करताना मला ती जिकीर कळते.

खबर हे धंद्याचं मासिक. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली औंध संस्थानातल्या कुंडलजवळच्या माळावर, निवडुंग काढून, कारखाना घातला. आज ती किर्लोस्करवाडी सांगली जिल्ह्यात येते. तिथूनच १९२० मध्ये शंकरराव किर्लोस्करांनी, म्हणजे शंवाकिंनी, खबर सुरू केली. कारखान्याचे लोखंडी नांगर खपायला हवे होते. लोखंडानं जमिनीला विष चढतं, असं तेव्हाचे शेतकरी म्हणत, त्यामुळे लक्ष्मणरावांचे पहिले नांगर बराच काळ पडून राहिले होते. अशा गिऱ्हाइकाला जाहिरात दाखवून भागत नाही, त्याच्याशी सतत बोलत राहावं लागतं. अमेरिकेत जॉन डियर या नांगर करणाऱ्या कंपनीनं १८९५ मध्ये ‘द फरो’ हे नियतकालिक काढलं, तेही शेतकऱ्याशी बोलण्यासाठीच.

स्वतंत्र नोंद नको म्हणणाऱ्याची बाजू लंगडी नाही. मालकाचा मोठेपणा त्याच्या मासिकाला आपोआप मिळत नाही. शंवाकिंचं ‘शंवाकीय’ हाताशी आहे, पण संपादकानं आपल्याच मासिकाची दिलेली ग्वाही एकटी पुरायची नाही. दाते, काळे आणि बर्वे यांच्या नियतकालिकांच्या सूचीत नाव सापडलं, एवढ्यानंही भागत नाही. सूची सगळ्या गावाला जेवायला बसवते, कोश निवडक पानं मांडतो. मी एवढंच विचारतो: ज्याला नांगर घ्यायचा नाही, तो या मासिकाविषयी बोलतो का?

खबरविषयी बोलतात. तिचंच पुढे ‘किर्लोस्कर’ झालं. त्यात सावरकरांचे विज्ञाननिष्ठ निबंध आले. त्याच घरातून १९३० साली ‘स्त्री’ आणि १९३४ साली ‘मनोहर’ निघालं. मराठी मध्यमवर्ग कसा घडला हे लिहू पाहणाऱ्याला या तिन्ही मासिकांना वगळून पुढे जाता येत नाही.

आणि इथेच घोटाळा होतो. ‘खबर: पहा किर्लोस्कर’ अशी ओळ टाकून मोकळं होता येतं. कोशकाराची जागा वाचते, वाचकाचं मात्र नुकसान होतं. तो थेट पिकल्या फळापाशी पोचतो. एका कारखान्याचं पत्रक दहाएक वर्षांत घराघरातलं मासिक झालं, ती वाटच त्याला दिसत नाही. मला तर तीच सगळ्यांत मोलाची वाटते.

शिवाय अशा मासिकांचे अंक कोण बांधून ठेवतं? हंगाम सरला की ते रद्दीत जातात. २०१९ च्या महापुरात सांगलीच्या नगर वाचनालयातली जपलेली पुस्तकंसुद्धा भिजली, तिथे सुट्या अंकांचं काय घ्या! अंक हाताला लागतात तोवरच नोंद लिहून घ्यायला हवी.

म्हणून माझं मत असं: नोंद स्वतंत्र, पण लहान. तिच्यात स्थापना, संपादक, नांगर आणि शेतकऱ्याचा अविश्वास यावा, मासिक कारखान्याच्या फाटकाबाहेर कसं पडलं ते यावं. सावरकर आणि ‘स्त्री’ तिथे नकोत, त्यांच्यासाठी शेवटी ‘पहा’ आहेच.