माँत्रयमधला हिंदुस्थान

काचघर. पॅरिसला लागून असलेल्या माँत्रयमध्ये फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएसने 1897 साली बांधलेला स्टुडिओ. भिंती काचेच्या, छप्परही काचेचं. चित्रण होई ते उन्हाच्या भरवशावर. बगदादचे महाल आणि हिंदुस्थानी राजांची शयनगृहं इथेच उभी राहिली. ती इमारत आज नाही.

राखाडी पडदे. त्या वेळच्या फिल्मवर लाल रंग काळा उमटे, निळा पांढुरका. म्हणून कमानी, घुमट, झाडं, सारं काळ्या, पांढऱ्या नि राखाडी छटांत रंगवत. 1905 मध्ये मेलिएसने अरबी रात्रींच्या गोष्टींवर केलेल्या चित्रपटातलं वैभवही असंच पडद्यावर रंगवलेलं.

रंगारी बाया. रंग मागाहून चढे. पॅरिसमधल्या एलिझाबेथ तुइलिये यांच्या कार्यशाळेत प्रत्येकीकडे एकच रंग. इंचभर रुंदीच्या चौकटीत एकीने वस्त्र रंगवायचं, दुसरीने पंख. आणि सेकंदभराच्या दृश्यासाठी अशा चौदा-सोळा चौकटी. पडद्यावर त्यांची नावं आली नाहीत. त्यांनी रंगवलेल्या प्रती आता दुर्मिळ.

बासरीवाला ब्राह्मण. 1901 चा चित्रपट. भूमिकेत खुद्द मेलिएस. तो बासरी वाजवतो, भलीमोठी अळी सरपटत येते. अळीला तो कोशात ठेवतो. कोशातून पंखांची स्त्री निघते आणि पुढे तिची राजकन्या होते. तो तिच्या पायांशी लोळण घेतो, आणि तिचा पाय लागताच स्वतःच अळी होऊन तिच्यामागे सरपटत जातो. असा ब्राह्मण आपल्या कुठल्या घाटावर नव्हता, कुठल्या वाड्यातही नव्हता. दूरदेशीच्या प्रेक्षकांपुढे मात्र आपला म्हणून तोच गेला.

निगेटिव्ह. पहिल्या महायुद्धात मेलिएसच्या कित्येक प्रती वितळवून त्यांतून सैनिकांच्या बुटांच्या टाचा केल्या गेल्या. 1923 मध्ये कर्जबाजारी मेलिएसने उरलेल्या निगेटिव्ह स्वतःच जाळल्या. पाचशेवर चित्रपटांपैकी दोनशेच्या आसपास उरले.

फाळक्यांचा राजा. 1913 मध्ये दादासाहेब फाळक्यांनी आपल्या पुराणातला राजा आपल्याच माणसांकडून उभा करवला. त्या ‘राजा हरिश्चंद्र’चीही पूर्ण प्रत उरलेली नाही.

माँत्रयमधला हिंदुस्थान खोटा होता म्हणून तो गेला तरी चालेल, असं मला वाटत नाही. परक्यांनी आपल्याला कसं रंगवलं याचा तो पुरावा आहे. फाळक्यांनी काय बदललं हे त्याच्याशेजारी ठेवूनच नीट कळतं. दोन्ही रिळं जपायला हवीत.