हार्वी आणि मामाची तेरा पानं

परवा रात्री 'हार्वी' पुन्हा पाहिला. १९५० सालचा, जेम्स स्टुअर्टचा. पहिल्यांदा पाहिला तेव्हा पोट धरून हसले होते. याही वेळी हसले, पण शेवटाकडे एका ठिकाणी सिनेमा थांबवला आणि उठून पाणी प्यायले.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. एलवुड डाउड हा मध्यमवयीन, कमालीचा सभ्य गृहस्थ. आई घरदार, पैसा सगळं त्याच्या नावावर करून गेलेली. त्याचा जिवलग मित्र म्हणजे सहा फूट साडेतीन इंच उंचीचा एक ससा, हार्वी. तो बहुतेकांना दिसत नाही. एलवुड त्याच्यासाठी दार उघडून धरतो, बारमध्ये दोघांसाठी मागवतो आणि भेटेल त्याच्याशी त्याची ओळख करून देतो. घरात विधवा बहीण व्हीटा आणि तिची लग्नाची मुलगी. असा मामा घरात असताना स्थळ यायचं कसं? (काळजी अमेरिकेतली असली तरी ओळखीची आहे ना!) म्हणून व्हीटा त्याला मनोरुग्णालयात नेते आणि तिथे बोलता बोलता कबूल करून बसते की हार्वी कधीकधी मलाही दिसतो. झालं, डॉक्टर तिलाच आत टाकतात. या भूमिकेसाठी जोसेफिन हलला ऑस्कर मिळालं आणि ते अगदी योग्य होतं.

मूळ नाटक मेरी चेस या डेन्व्हरच्या लेखिकेचं. ते ब्रॉडवेवर आलं नोव्हेंबर १९४४ मध्ये, म्हणजे ऐन महायुद्धात, आणि त्याचे १७७५ प्रयोग झाले. १९४५ चं पुलित्झरही मिळालं. युद्धात मुलगा गमावलेल्या एका बाईला हसू येईल असं काहीतरी लिहावं, इथून ते सुरू झालं असं सांगतात. हे माहीत झाल्यापासून मला तो ससा नुसता गमतीचा वाटत नाही. आणि सिनेमात तर स्टुअर्टशेजारी मुद्दाम जागा मोकळी सोडली आहे. थोड्या वेळाने आपणही तिकडे बघायला लागतो.

आता मामाबद्दल. घरच्यांपैकी जे हे वाचतील त्यांना तो कोण हे सांगायला नको. बाकीच्यांसाठी: आईचा धाकटा भाऊ, लग्न न केलेला, निवृत्तीनंतर आमच्याकडेच राहायला आला. रोज संध्याकाळी तो रमीचा डाव मांडायचा. तेरा पानं स्वतःला, तेरा समोर. समोर कोण? तर त्याचा कॉलेजातला मित्र, जो जाऊन कितीतरी वर्षं झाली होती. मामा त्याची पानंसुद्धा प्रामाणिकपणे खेळायचा. हरला की खरंच चिडायचा! आम्हा मुलांना त्याचं काही वाटत नसे. उलट परीक्षेच्या दिवसांत त्या आवाजाची सोबत व्हायची.

मग ताईला बघायला येणार असं ठरलं आणि घरात कुजबुज सुरू झाली. डॉक्टरांकडे न्यायचं ठरलं. मामाला समजावायचं काम माझ्याकडे आलं, कारण तो माझं ऐकायचा. मी भीत भीत विषय काढला. तो म्हणाला, "तुम्हाला बरं वाटणार असेल तर चला की." आणि चप्पल घालून निघाला.

सिनेमात एलवुडही असाच तयार होतो. ज्या इंजेक्शनने हार्वी कायमचा दिसेनासा होणार, ते घ्यायला तो जातो, का, तर बहिणीची इच्छा आहे म्हणून. बाहेर टॅक्सीवाला व्हीटाला सांगतो, मी इथे पुष्कळ माणसं आणतो. येताना ती पाखरं बघतात, गप्पा मारतात. परत जाताना नुसती कुरकुर करतात, टीपसुद्धा देत नाहीत. ते ऐकून व्हीटा धावत जाते आणि इंजेक्शन थांबवते. मी इथेच सिनेमा थांबवला होता.

आम्ही धावत गेलो नाही. गोळ्या सुरू झाल्या आणि दोनेक महिन्यांत डाव मांडणं बंद झालं. पण हेही सांगायला हवं की मामा रात्री दोन-दोन वाजता मित्र आलाय म्हणून दार उघडून रस्त्यावर जायचा. एकदा चहाचं आधण ठेवून तसाच गेला, भांडं जळून काळं झालं. एलवुड कधी गॅस चालू ठेवून जात नाही, आणि इतकं पिऊनही त्याला काही होत नाही. नाटकाला ही सोय असते. डॉक्टरांचं चुकलं असं मला तेव्हाही वाटलं नाही, आजही वाटत नाही. फक्त आम्ही निघालो ते मामाच्या काळजीने नव्हे, पाहुणे येणार म्हणून. ताईचं ते स्थळ जमलं नाहीच. असो.

रविवारी पत्त्यांचा नवा जोड घेऊन आईकडे गेले. मामाने पानं पिसली. हात थरथरतात आता. तेरा त्याला, तेरा मला. मी दोन्ही डाव हरले. त्याला मजा आली की नाही ते कळलं नाही. आठ वाजले तसा तो आपणहून उठला आणि गोळ्यांची डबी घेऊन आला.