एकोणचाळीस मिनिटें

गांवोगांवचे निरनिराळे सूर्य एका घड्याळांत कोंडण्याचा मोठा उद्योग सरकारनें केला, आणि 1906 सालीं साडेब्याऐंशी रेखांशाची वेळ ही हिंदुस्थानची प्रमाण वेळ ठरली. मुंबईच्या नगरपालिकेनें आपली 39 मिनिटें मागची वेळ पुढें कित्येक वर्षें सोडली नाहीं. मुंबईंत नोकरी केलेल्या आमच्या आजोबांनीं तर ती सातपुरास आल्यावरहि सोडली नाहीं. सूर्याचा हिशेब पाहतां चूक आमचीच होती. येथें खरी माध्यान्ह साडेबारानंतर होते. पण कारखान्याच्या भोंग्यावर धांवणारे आम्ही त्यांस हंसत असूं. ते पाटावर बसत तेव्हां आमची पंगत उठलेली असे. इतकीं वर्षें ते एकटेच जेवले, हें आमच्या ध्यानांत आलें तें त्यांच्या पश्चात् तें घड्याळ पुढें करतांना.