रिस्क घेणारा निर्माता

निर्माता म्हणजे पैसेवाले काका, असं मला मास कॉमला असताना वाटायचं. मग प्रसाद कांबळींचं काम बघितलं. २००७ मध्ये वडील मच्छिंद्र कांबळी गेले आणि ‘भद्रकाली’ मुलाकडे आली. ‘वस्त्रहरण’सारखं हुकमी मालवणी नाटक घरचंच. तेवढ्यावरही भागलं असतं, नाही का? पण २०१७ मध्ये त्यांनी काढलं काय, तर एका एकांकिकेवरून ‘संगीत देवबाभळी’. स्टेजवर दोनच बायका, तुकोबांची आवली आणि विठ्ठलाची लखुबाई. नुसत्या नावावर तिकीट खपेल असा स्टार नाही. थिएटरचं भाडं, कलाकारांची नाईट, जाहिराती, सेटचा टेम्पो, सगळं बुकिंगच्या प्लॅनवरच्या रिकाम्या चौकोनांतून वसूल करायचं! नाटक जोरात चाललं, पण ते नंतर. माझी तर एक चेक लटकला तरी झोप उडते.