धान गर्भात असताना

चिन्नोर धानाचा वास दाण्याच्या आधी येतो. लोंब अजून बाहेर पडलेली नसते, पाखरांनाही शेताची खबर नसते, धान नुसता हिरवागार, जडावलेला उभा असतो. आणि सकाळच्या दवात धुऱ्यावरून चालत गेलं की पोटऱ्यांना घासणाऱ्या पात्यांतून तो उठतो. गोडसर, दुधाळ, न शिजलेल्या भाताचा वास. त्याला दिशा नसते. वाऱ्याकडे तोंड करून उभं राहावं तर हरवतो, आणि आपण विसरून दोन पावलं पुढं गेलो की पाठीमागून येऊन खांद्यावर टेकतो. इतकी वर्षं झाली, पण नवरात्र जवळ आलं आणि हवेत थोडा गारवा उतरला की शहरातल्या रस्त्यावरही मी उगाच थांबते, नाक वर करते. तिथं काही नसतं.

मामाचं गाव भंडारा जिल्ह्यात लाखांदूरकडे, चुलबंद नदीच्या अंगाला. तो बांधीत उतरून एखादं खोड दोन बोटांत धरायचा, वरच्या पानाच्या बुडाशी जिथं ते किंचित फुगलेलं असतं तिथं हलकेच दाबून पाहायचा, आणि म्हणायचा, "धान गर्भात हाय. आता पानी तुटाले नाई पायजे." मग रात्री-बेरात्री उठून बोडीचं, म्हणजे छोट्या तळ्याचं, पाणी बांधीत पोचतंय का ते बघायला जायचा. त्या दिवसांत त्याचं बोलणंही हळू व्हायचं. घरात कुणी बाळंतपणाला आलं असावं तसं सगळं वागणं.

एकदा माझ्या हट्टापायी त्यानं एक खोड सोलून दाखवलं होतं. पानाचे वेढे एकामागून एक सुटत गेले आणि आत सापडली ती लोंब: पांढुरकी, ओली, पुरती बोटभरही नाही. तिच्यावरचे दाणे म्हणजे नुसत्या फिकट खुणा. मामानं ती माझ्या तळहातावर ठेवली आणि पुन्हा कधी असं खोड सोललं नाही. मलाही पुन्हा मागावंसं वाटलं नाही.

त्या फिकट खुणांच्या आत काय चाललेलं असतं ते मला पुढं कळलं, आणि कळल्यावर तो वास माझ्यासाठी अधिकच गहिरा झाला. भाताच्या प्रत्येक फुलात सहा परागकोश. त्यांतल्या पेशी नेमक्या याच दिवसांत, पानांच्या बंद अंधारात, दुभंगत असतात. भाताची गुणसूत्रं चोवीस, बारा जोड्या. प्रत्येक जोडीतलं एकेक वेगळं होऊन पेशीच्या दोन टोकांना जायचं असतं, म्हणजे परागाच्या वाट्याला बारा यावीत. एक कमी नाही, एक जास्त नाही. आणि गुणसूत्रांना स्वतःचे पाय नसतात. त्यांना कुणीतरी न्यावं लागतं.

नेणारी असतात ती मोटार प्रथिनं. पेशीत सूक्ष्मनलिकांचे धागे एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ताणले जातात, आणि त्या धाग्यांवरून ही प्रथिनं खरोखर चालतात, एक पाय उचलून दुसऱ्याच्या पुढं टाकत. रोवणीच्या दिवसांत डोक्यावर पऱ्ह्यांचा भारा घेऊन अरुंद धुऱ्यावरून बाया चालत जातात, तशी. यातलं कायनेसिन 1985 साली सापडलं, तेही माखल्यासारख्या एका समुद्री जीवाच्या जाड मज्जातंतूत, रोनाल्ड वेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांना. त्याचं एक पाऊल आठ नॅनोमीटरचं. सव्वा लाख पावलं टाकावीत तेव्हा कुठं एक मिलिमीटर सरेल. प्रत्येक पावलाला एटीपीचा, म्हणजे पेशीच्या इंधनाचा, एक रेणू खर्ची पडतो. या प्रथिनांचं घराणं मोठं आहे आणि कामंही वाटलेली आहेत. काही ओझी वाहतात. काही दोन उलट दिशांच्या धाग्यांना एकदम धरून त्यांना एकमेकांवरून सरकवतात, म्हणजे पेशीची दोन टोकं दूर राहतात. काही गुणसूत्रांना धाग्यांच्या मधोमध रांगेत आणतात. आणि मग, सगळी रांगेत आली की, धागे टोकांकडून विरत जातात आणि जोड्या सुटतात. अगदी सावकाश. मिनिटाला मिलिमीटरचा हजारावा भाग, असं काहीसं.

वनस्पतींची गोष्ट तर मला फार हलवून जाते. आपल्या पेशींत कायनेसिनच्या जोडीला डायनिन नावाचं दुसरं ओढकरी प्रथिन असतं. एकटं ते दुबळंच, पण दहा-बारा मिळून ओढू लागली की भार आपसात वाटून घेतात. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रूप मलिक यांच्या गटानं हे पेशीच्या आत मोजून दाखवलं. फुलं येणाऱ्या झाडांनी हे डायनिन उत्क्रांतीच्या वाटेवर कुठंतरी गमावलं. भातानंही. मग त्याच्या वाटणीचं काम कायनेसिनच्याच काही भावंडांनी उलट्या दिशेनं चालायला शिकून अंगावर घेतलं. माझ्या तळहातावरच्या त्या ओल्या लोंबीत हा सगळा जुना वियोग आणि ही सगळी सावरासावर होती, आणि मी तिला फक्त हुंगत होते.

2011 साली चिनी संशोधकांनी भाताचं एक असं रोप अभ्यासलं की ज्याच्या एका कायनेसिनमध्ये खोट होती. वरून पाहता धान चांगला. पण परागपेशी दुभंगताना काही गुणसूत्रं मागं रेंगाळत, वेळेवर टोकाला पोचत नसत. निम्म्याच्या आसपास पराग वांझ निघत. वाचताना मला लोंब्या हातात घेऊन चोळणारा मामा दिसला. फोल दाणे हलके असतात, फुंकरीसरशी तळहातावरून उडतात. ते उडताना तो काही बोलत नसे. अर्थात त्याच्या फोलामागचं कारण बहुतेकदा वेगळं असे. पराग घडण्याच्या याच दिवसांत मुळाशी ओल नसली तर पराग वांझ होतात, आणि नंतर कितीही पाणी दिलं तरी ते भरून निघत नाही. रात्री फावडं घेऊन बोडीकडं जाणाऱ्या माणसाला गुणसूत्रं ठाऊक नव्हती. त्यांची घटका मात्र त्याला बोटांनी कळत होती.

आणि तो वास? तो आठव्या गुणसूत्रावर असतो. खरं सांगायचं तर तिथं तो नसतो, तिथं एक मोड असते. ज्या जनुकानं त्या सुगंधी द्रव्याची वाट बंद ठेवायची, ते जनुक सुवासिक भातांत मोडलेलं असतं, म्हणून पानापानांत सुगंध साठतो. हे कळलं तेव्हा मी बराच वेळ पुस्तक मिटून बसले. ही मोड कुणीही दुरुस्त करत बसलं नाही. कायनेसिननं तिला धडक्या जनुकांइतक्याच निगुतीनं उचललं, दुभंगणाऱ्या प्रत्येक पेशीत, पिढ्यान्‌पिढ्या, आठ-आठ नॅनोमीटरनं, आणि चुलबंदेच्या काठापर्यंत आणून पोचवलं.

पण पेशीबाहेरचं अंतर माणसालाच चालावं लागतं. शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यात, नागभीडजवळच्या नांदेड गावी, दादाजी खोब्रागडे यांनी 1983 साली आपल्या शेतात काही वेगळ्या लोंब्या पाहिल्या, त्या जपल्या, वर्षानुवर्षं निवडत नेल्या, आणि त्यातून एचएमटी हा धानाचा वाण उभा राहिला. मामाच्या बांध्यांतही पुढं तोच आला. मला त्याचा राग नाही. भात मऊ, उतारा बरा, पोरांची शिक्षणं त्यावर झाली. चिन्नोर उंच वाढतो, वाऱ्यात लोळतो, लवकर कापणीला येत नाही, आणि शेवटपर्यंत पाणी मागतो. भंडाऱ्याच्या चिन्नोरला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा मी आनंदानं गावी फोन केला. मामेभावानं ऐकून घेतलं. तो अजून एक बांधी चिन्नोर लावतो, घरच्या पोळ्या-दिवाळीपुरता. वाढव ना, म्हटलं. तर म्हणाला, "बोडीत गाळ भरला हाय, ताई. दसऱ्यालोक पानी पुरत नाई. गाळ निंगला त दोन बांध्या लावतो."